निवड समित्यांना खुले पत्र : एकदा पटकथाकाराच्या नावाने महोत्सव भरवा

प्रति,
महाराष्ट्रातल्या फिल्म सोसायट्या आणि चित्रपट महोत्सव यांच्या निवड समित्यांचे सर्व सदस्य

सप्रेम नमस्कार.

पुढच्या हंगामाचे चित्रपट ठरवायला आपण बसाल, तेव्हा जपानी विभागातले पाच खेळ एका माणसासाठी राखून ठेवावेत, ही विनंती करायला हे पत्र लिहिते आहे. त्यांचं नाव काझुओ कासाहारा. ते दिग्दर्शक नव्हते. तोएई या कंपनीसाठी ते पटकथा लिहायचे. याकुझांचे, म्हणजे तिथल्या संघटित टोळ्यांचे जे चित्रपट युद्धानंतरच्या जपानमध्ये निघाले, त्यांतले सगळ्यात खोलवर गेलेले काही त्यांच्या लेखणीतून उतरले. जपानमध्ये चित्रपटाची आवड असलेल्यांना हे नाव परकं नाही. आपल्याकडे मात्र त्यांचे चित्रपट पाहिलेल्यांनाही ते ठाऊक नसतं, कारण माहितीपत्रकावर ते छापलेलंच नसतं.

१९७३ चा 'जिंगी नाकी ताताकाई' आपल्यापैकी बऱ्याच जणांनी पाहिला असेल. इमान नाही, माणुसकी नाही, नुसती मारामारी, असा त्या नावाचा रोख आहे. त्यावर बोलताना आपण किंजी फुकासाकूंबद्दल बोलतो. हातात धरलेला, धक्के खाणारा कॅमेरा, गोठवलेल्या चौकटी, पडद्यावर उमटणारी मृताची नावं आणि मृत्यूच्या तारखा. हे सगळं बोलण्याजोगं आहेच, आणि फुकासाकू मोठे दिग्दर्शक होते यात वाद नाही. पण तो चित्रपट अमुकच का सांगतो, त्यातला टोळीप्रमुख इतका रडका आणि इतका चिवट का आहे, शेवटी गोळी माणसाला न लागता फुलांच्या आराशीला का लागते, याची उत्तरं दिग्दर्शकाच्या कारकिर्दीत शोधली तर अर्धीच सापडतात. बाकीची अर्धी पाच वर्षं आधीच्या एका चित्रपटात आहेत आणि तो दुसऱ्याच दिग्दर्शकाचा आहे. म्हणूनच दिग्दर्शकनिहाय कार्यक्रम आखत राहिलो तर हे दोन चित्रपट आपल्या प्रेक्षकांना एकत्र कधीच दिसणार नाहीत. त्यांना जोडणारा धागा लेखकाचा आहे.

कासाहारांचा जन्म १९२७ साली टोकियोतल्या निहोनबाशी भागातला. युद्ध संपलं तेव्हा ते अठरा वर्षांचे होते आणि हिरोशिमा जिल्ह्यातल्या ओताके इथल्या नौदलाच्या प्रशिक्षण केंद्रातून गेलेले होते. मरायला तयार राहा असं ज्या पिढीला सांगितलं गेलं आणि मग एका दिवसात ज्या पिढीची गरजच उरली नाही, त्या पिढीतले ते. १९५४ साली ते तोएईच्या प्रसिद्धी विभागात लागले, १९५८ पासून पटकथा लिहू लागले. सुरुवातीची वर्षं ऐतिहासिक आणि करमणुकीच्या चित्रपटांत गेली. १९६३ नंतर तोएईत 'निंक्यो' चित्रपटांची लाट आली आणि कासाहाराही तिच्यात ओढले गेले.

या लाटेबद्दल थोडं सांगायला हवं, कारण आपल्याकडे हे चित्रपट फारसे दाखवलेच गेलेले नाहीत. किमोनो घातलेला नायक जुन्या वळणाचा, दिलेल्या शब्दाला जागणारा. खलनायक बहुधा नव्या जमान्याचा, पैशाच्या आणि सरकारी ओळखीच्या जोरावर बाजार गिळणारा. नायक सोसतो, सोसतो, मित्र मारले जाईपर्यंत सोसतो आणि शेवटी तलवार घेऊन एकटाच शत्रूच्या घरात घुसतो. केन ताकाकुरा आणि कोजी त्सुरुता या दोन नटांनी हा साचा लोकांच्या मनात पक्का केला. ताकाकुरांना ज्या मालिकेने वर नेलं, त्या 'निहोन क्योकाकुदेन'च्या १९६४ मधल्या पहिल्या चित्रपटाच्या तीन लेखकांपैकी एक कासाहारा होते. म्हणजे हा साचा घडवणाऱ्यांतले ते एक. तो आतून उघडला, तोही त्यांनीच.

१९६८ च्या जानेवारीत 'बाकुचिउची : सोचो तोबाकू' आला. दिग्दर्शक कोसाकू यामाशिता. गोष्ट १९३४ सालची. टोकियोतल्या एका टोळीचा प्रमुख अंथरुणाला खिळतो आणि गादीवर कोण बसणार हा प्रश्न उभा राहतो. सगळ्यांच्या मनात नाकाई आहे, त्सुरुतांनी केलेली भूमिका. नाकाई नाही म्हणतो, कारण तो या टोळीत बाहेरून आलेला. हक्क माझ्या मानलेल्या भावाचा, मात्सुदाचा आहे, असं त्याचं म्हणणं. पण मात्सुदा तुरुंगात. तेवढ्यात सेनबा नावाचा एक ज्येष्ठ पुढे होतो आणि तिसऱ्याच, मऊ स्वभावाच्या माणसाला गादीवर बसवतो. त्याचा डाव वेगळाच असतो : टोळी राष्ट्रवादी मंडळींच्या दावणीला बांधायची आणि चीनच्या भूमीवर चाललेल्या उद्योगांत तिचा वापर करायचा. मात्सुदा सुटून येतो आणि त्याला हा निकाल सहन होत नाही. नाकाई त्याला सांगत राहतो की ठरलं ते ठरलं, पाळायला हवं.

इथे लेखकाचं कसब दिसतं. या गोष्टीत जवळजवळ कुणीच चुकीचं वागत नाही. मात्सुदाचा संताप खरा आहे. नाकाईचा आग्रहही खरा आहे. गादीवर बसवलेला माणूसही नीच नाही. प्रत्येक जण आपापला शब्द पाळतो आणि शब्द पाळल्यामुळेच माणसं एकेक करून मरतात. नाकाईची बायको मरते. मग भावाला मारण्याची पाळी नाकाईवरच येते. शेवटी तो सेनबासमोर उभा राहतो तेव्हा सेनबा त्याला नियमाची आठवण देतो : ज्येष्ठावर हत्यार उगारतोस, हाच का तुझा धर्म? त्यावर नाकाई सांगतो की तसला धर्म आपल्यापाशी नाही, आपण फक्त एक क्षुद्र खुनी आहोत. ज्या धर्मावर तोएईने पाच वर्षं तिकिटं विकली होती, तो धर्म तोएईच्याच पडद्यावर, तोएईच्याच लाडक्या नायकाच्या तोंडून नाकारला गेला.

चित्रपट आला तेव्हा त्याची फार चर्चा झाली नाही. १९६९ मध्ये कादंबरीकार युकिओ मिशिमांनी 'एइगा गेइजुत्सू' या नियतकालिकात त्यावर लिहिलं, ग्रीक शोकांतिकेशी त्याचं नातं जोडलं, आणि मग टीकाकारांचं त्याच्याकडे लक्ष गेलं. मिशिमांच्या कडव्या राष्ट्रवादी राजकारणाबद्दल आपलं मत काहीही असो, त्या चित्रपटाची बांधणी त्यांना अचूक दिसली होती. बांधणी लेखकाची असते, हे मी मुद्दाम लिहिते आहे.

आता १९७२, 'जिंगी नाकी ताताकाई'ची सुरुवात. कोझो मिनो हा कुरे शहरातल्या टोळीयुद्धातला एक प्रमुख माणूस. त्याने अबाशिरीच्या तुरुंगात आपली हकीकत लिहून काढली होती, शेकडो पानं. पत्रकार कोइची इइबोशींनी तिच्या आधारे 'शूकान सांकेई' साप्ताहिकात लेखमाला सुरू केली. तोएईला चित्रपट हवा होता, मिनोला नको होता. कासाहारा कुरेला गेले. बोलण्यातून निघालं की दोघेही ओताकेच्या नौदल केंद्रातले. एकाच छावणीतून बाहेर पडलेली दोन समवयस्क पोरं, एक लेखक झाला, एक टोळीवाला. तिथून बोलणं मोकळं झालं.

कुरे म्हणजे जिथे 'यामातो' ही महाकाय युद्धनौका बांधली गेली ते नौदलाचं गाव. शरणागतीनंतर तिथे उरलं काय, तर मोडलेली गोदी, कामाविना फिरणारी तरुण मुलं आणि काळा बाजार. १९४६ मध्ये ब्रिटिश राष्ट्रकुलाच्या फौजेने कुरे बंदरात आपला तळ केला. त्या फौजेत ब्रिगेडियर थिमय्यांची २६८ वी भारतीय ब्रिगेड होती आणि तिच्यात मराठा लाइट इन्फन्ट्रीची एक पलटण. तिचा मुक्काम पुढे दुसऱ्या जिल्ह्यात पडला, पण १९४६ सालच्या त्या उद्ध्वस्त जपानमध्ये सातारा-कोल्हापूरकडचे जवान वावरले आहेत. ज्या काळ्या बाजारात हा चित्रपट सुरू होतो, तो आपल्या माणसांनी डोळ्यांनी पाहिलेल्या दिवसांतला आहे. मराठीत याबद्दल कुणी सविस्तर लिहील तर मी पहिली वाचक असेन.

कासाहारांनी कुरे आणि हिरोशिमात जे काम केलं ते पटकथेच्या तयारीपेक्षा पोलिसी तपासाला जवळचं होतं. कोण कुणाचा माणूस, कुणी कुणाशी कधी भावाचं नातं जोडलं, कोणत्या दिवशी कोण कुठे मारला गेला याच्या कालसारण्या, नात्यांचे तक्ते, भेटींची टिपणं. त्यांच्या मृत्यूनंतर हे सगळं साहित्य स्वतंत्र पुस्तक म्हणून छापलं गेलं, एवढं ते होतं. यातले कित्येक लोक तेव्हा हयात होते, काही टोळ्या चालू होत्या. नावं बदलली तरी कुणाचं पात्र कोणतं हे हिरोशिमात सगळ्यांना कळणार होतं. अशा वातावरणात बसून त्यांनी लिहिलं आणि वेगाने लिहिलं : 'जिंगी नाकी ताताकाई' मालिकेचा पहिला भाग १३ जानेवारी १९७३ ला लागला, चौथा १५ जानेवारी १९७४ ला. एका वर्षात चार.

फुकासाकूंचं नाव दिग्दर्शक म्हणून पुढे आलं तेव्हा कासाहारा राजी नव्हते. आधी एका चित्रपटाच्या पटकथेवरून दोघांचं बिनसलं होतं. फुकासाकूंनी नवी पटकथा वाचली आणि ती आहे तशी चित्रित करण्याची तयारी दाखवली. त्या कॅमेऱ्याची बेभान धावाधाव पाहताना ही गोष्ट लक्षात ठेवावी. पडद्यावर जे अंगावर येणारं, हाताबाहेर गेलेलं वाटतं, ते कागदावर ओळीनं लिहिलेलं होतं.

काय लिहिलेलं होतं? एक प्रसंग सांगते. नायक शोजो हिरोनो, बुन्ता सुगावारांनी केलेली भूमिका, माफी म्हणून करंगळी कापतो. निंक्यो चित्रपटात हा प्रसंग देवघरातल्या शांततेने व्हायचा. इथे करंगळी रीतसर कशी कापायची हे कुणालाच धड माहीत नाही, सगळे गोंधळलेले. कापली जाते आणि ती सापडतच नाही. अंगणात शोधाशोध. शेवटी मिळते ती कोंबड्यांच्या खुराड्यापाशी, कोंबड्या तिला टोचत असताना. थिएटरात लोक हसतात आणि हसता हसता त्यांच्या लक्षात येतं की या पोराची करंगळी खरंच गेली आणि ज्याच्यासाठी गेली त्याला तिची काडीचीही किंमत नाही. विधीची सगळी प्रतिष्ठा एका कोंबडीपुढे संपते. हे कॅमेऱ्याने साधत नाही. ती कोंबडी आधी कुणाला तरी सुचावी लागते.

आणि यामामोरी. हा टोळीप्रमुख तलवारबाज नाही, धाडसी नाही. तो रडतो. पोरांसमोर हात जोडतो, डोळ्यांत पाणी आणतो, बायकोलाही सोबत रडायला लावतो, तू एवढं कर, सुटून आलास की सगळं तुझंच आहे म्हणतो. हिरोनो खून करून तुरुंगात जातो. बाहेर येतो तेव्हा यामामोरी श्रीमंत झालेला असतो आणि दिलेल्या शब्दांतला एकही शिल्लक नसतो. पोरं एकमेकांना मारत राहतात, यामामोरी जगत राहतो. ही भूमिका नोबुओ कानेकोंनी केली. 'सोचो तोबाकू'मधला सेनबाही त्यांनीच केला होता. एकाच नटाला, एकाच लेखकाने, पाच वर्षांच्या अंतराने दिलेले हे दोन म्हातारे लागोपाठच्या संध्याकाळी पाहावेत, मग मी पाच खेळ का मागते आहे ते कळेल. १९६८ मधला म्हातारा निदान कट करणारा खलनायक होता, त्याला मारता येत होतं. १९७३ मधला मारण्याच्याही लायकीचा उरलेला नाही आणि म्हणूनच तो मरत नाही. पहिल्या भागाच्या शेवटी हिरोनो मित्राच्या अंत्यविधीला येतो, पिस्तूल काढतो आणि शवपेटीपुढच्या आराशीवर, नैवेद्यावर गोळ्या झाडतो. यामामोरी तिथेच उभा. हिरोनो त्याला एवढंच सांगतो की गोळ्या अजून शिल्लक आहेत, आणि निघून जातो.

पोरांना मरायला पाठवून स्वतः सुखरूप राहिलेल्या वडीलधाऱ्यांबद्दलचा हा राग मला टोळ्यांपुरता वाटत नाही. अठराव्या वर्षी ज्याला देशासाठी मरायला शिकवलं आणि मग ज्यांनी शिकवलं त्यांनाच पुन्हा खुर्च्यांवर बसलेलं ज्याने पाहिलं, त्याचा तो राग आहे. दुसऱ्या भागातला यामानाका हा तरुण याच रागाचं दुसरं टोक. युद्धात मरायची संधी हुकली म्हणून हळहळणारा, सेनापती शोधत टोळीत आलेला, टोळीप्रमुखाने हवा तसा वापरलेला, आणि शेवटी स्वतःवर पिस्तूल रोखणारा. कासाहारांनी लिहिलेल्या सगळ्या पात्रांत हे मला सगळ्यात जिव्हाळ्याचं वाटतं.

चौथ्या भागाचा शेवट मी कितीदाही पाहू शकते. टोकियो ऑलिम्पिकच्या आसपासचा काळ, पोलिसांनी टोळ्या मोडून काढलेल्या. हिवाळ्यात एका थंडगार व्हरांड्यात दोन टोळीवाले भेटतात, हिरोनो आणि ताकेदा. हातात बेड्या, उघडे पाय, खिडकीतून बर्फाचे कण आत येतायत आणि दोघं थंडीने कुडकुडत पायावर पाय घासत उभे आहेत. कुणाला किती शिक्षा झाली याची विचारपूस होते. हिरोनोला सात वर्षं चार महिने. यामामोरीला दीड वर्ष. हिशेब जमला नाही, असं काहीसं ते बोलतात. चार चित्रपट, इतके मुडदे, आणि त्याचा हिशेब दोन मध्यमवयीन माणसं गारठलेल्या पायांनी करतात. एवढं लिहून कासाहारांनी लेखणी खाली ठेवली. गोष्ट संपली असं त्यांचं मत होतं. कंपनीला पाचवा भाग हवा होता. तो कोजी ताकादांनी लिहिला, कासाहारांनी आपली जमवलेली कागदपत्रं त्यांच्या हवाली केली.

पुढच्याच वर्षी, १९७५ मध्ये, फुकासाकूंसाठीच त्यांनी 'केनकेई ताई सोशिकी बोर्योकू' लिहिला. पोलीस आणि टोळी यांचं साटंलोटं. यात सुगावारा हवालदारीत मुरलेला पोलीस झाले आहेत. त्याच्या विरोधात एक स्वच्छ, शिस्तीचा वरिष्ठ येतो, सगळं साफ करतो, आणि शेवटी ज्या तेल कंपनीच्या जमिनीसाठी हे सगळं घडलं तिच्यातच नोकरीला लागून सकाळची सामूहिक कवायत करताना दिसतो. मुंबईत, ठाण्यात जमिनींचे व्यवहार पाहिलेल्या प्रेक्षकाला या चित्रपटाची प्रस्तावना लागणार नाही.

त्यांच्या युद्धपटांवर, १९८० च्या '२०३ कोची'वर आणि १९८२ च्या 'दाई निप्पोन तेइकोकू'वर, वेगळं पत्र लिहावं लागेल. ते इथे ओढत नाही.

कासाहारांनी आपल्या धंद्याची सूत्रंही लिहून ठेवली आहेत. तोएईच्या क्योतो स्टुडिओत तोंडी चालत आलेली, दहा हाडं म्हणावीत अशी. गोष्ट घरंगळत पुढे जाते की नाही हे पहिलं. मग नायकाच्या पायातली बेडी. मग त्याच्या जिवापाड जपायच्या ठेव्याची गोष्ट. शत्रू. निर्णयाचा क्षण. हार. प्रेक्षकाच्या डोळ्यांत पाणी आणणारी जागा. कळस, शेवट, आणि सगळ्यात शेवटी, सगळ्यात शेवटीच, या गोष्टीचं म्हणणं काय ते. पटकथा शिकवणाऱ्या आपल्या संस्थांमध्ये अमेरिकन पुस्तकांतलं तीन अंकांचं गणित घोकून घेतलं जातं. ते शिकवावं, पण सोबत हेही शिकवावं. वर सांगितलेला 'सोचो तोबाकू' घ्या आणि नाकाईची बेडी कोणती आणि ठेवा कोणता हे विद्यार्थ्यांना विचारा. त्यांच्या लक्षात येईल की त्याची बेडी आणि ठेवा एकच आहे, दिलेला शब्द. असं एका तासात समजून घेता येण्यासारखं साहित्य आपण बाजूला ठेवलं आहे.

लेखकाच्या वाट्याला काय येतं याचंही उदाहरण त्यांच्याच आयुष्यात आहे. १९६४ च्या सुमारास त्यांनी बोशिन युद्धातल्या, म्हणजे १८६८-६९ च्या जपानी यादवीतल्या, अकरा कैद्यांची गोष्ट लिहिली. किल्ला राखायला पाठवलेले गुन्हेगार, जिंकलात तर सुटाल असं वचन मिळालेले आणि फसवले गेलेले. साडेतीनशे पानांचा मसुदा. क्योतो स्टुडिओचे तेव्हाचे प्रमुख शिगेरू ओकादांनी विचारलं, शेवटी काय होतं? सगळे मरतात, असं उत्तर मिळाल्यावर त्यांनी तो नाकारला. कासाहारांनी मसुदा फाडून टाकला. गोष्टीचा आराखडा तेवढा उरला. त्यावरून साठ वर्षांनी, नोव्हेंबर २०२४ मध्ये, काझुया शिराइशींच्या दिग्दर्शनाखाली तोएईनेच चित्रपट काढला. कासाहारांना जाऊन तेव्हा बावीस वर्षं होत आली होती. मूळ पटकथेतला एकही संवाद आता कुणी वाचू शकणार नाही.

आपल्याकडेही हे नवं नाही. 'जिंगी नाकी ताताकाई'चं वर्ष १९७३. त्याच वर्षी 'जंजीर' आला आणि सलीम-जावेद यांनी मुंबईतल्या पोस्टरांवर रंगाऱ्याकडून आपली नावं रंगवून घेतली, कारण पोस्टरवर लेखकाचं नाव घालायची पद्धतच नव्हती. 'अर्धसत्य' म्हटलं की आपण निहलानींचं नाव घेतो. पटकथा तेंडुलकरांची होती हे जाणकार सांगतात. मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची, मराठीतली, हे सांगणारे फार थोडे. जपानच्या बाबतीतही तेच. ओझूंसोबत कोगो नोदा, मिझोगुचींसोबत योशिकाता योदा, कुरोसावांसोबत शिनोबू हाशिमोतो, ही नावं आपल्या कार्यक्रमांत किती वेळा उच्चारली गेली? ते निदान सन्मानाने ज्यांचं नाव घेतलं जातं अशा चित्रपटांचे लेखक. टोळीच्या चित्रपटांचा लेखक म्हणजे दोन पायऱ्या खाली.

एक आक्षेप समितीत निघेल हे मला माहीत आहे : हे मारधाडीचे चित्रपट, सोसायटीच्या पडद्यावर कशाला? मारधाड आहे, भरपूर आहे. पण यात खून कधी नेटका होत नाही. मारणारा घाबरलेला असतो, पिस्तूल अडकतं, माणूस लवकर मरत नाही. हिंसेची इतकी कमी भलामण करणारे मारधाडीचे चित्रपट मी फार पाहिलेले नाहीत. दुसरा आक्षेप मला खरा वाटतो आणि तो चर्चेत यायलाच हवा. या चित्रपटांत बायका फार थोड्या आहेत आणि आहेत त्या बहुतेक सोसण्यासाठी किंवा मरण्यासाठी. नाकाईच्या बायकोला कासाहारांनी जेवढं वजन दिलं, तेवढं पुढे हिरोशिमाच्या चित्रपटांत क्वचितच कुणा बाईला मिळालं. यावर बोलायला एखादी अभ्यासक बोलवावी. कौतुकाच्या कार्यक्रमात ही जागा ठेवली तर कार्यक्रमाचं वजन वाढेल.

आता प्रत्यक्ष मागणी. पहिल्या संध्याकाळी 'सोचो तोबाकू'. त्याआधी दहा मिनिटं कुणीतरी निंक्यो चित्रपट म्हणजे काय ते सांगावं, नाहीतर नाकाईचं शेवटचं वाक्य वाया जाईल. दुसऱ्या, तिसऱ्या आणि चौथ्या दिवशी 'जिंगी नाकी ताताकाई'चा पहिला, दुसरा आणि चौथा भाग. तिसरा गाळला तरी चालेल असं मी नाइलाजाने म्हणते. त्यातली टोळ्यांची युती-प्रतियुती एका बैठकीत कळायला अवघड आहे, तिचा तक्ता छापून दिला तर चौथा भाग समजतो. पाचव्या दिवशी 'केनकेई ताई सोशिकी बोर्योकू', किंवा मिळाला तर २०२४ चा शिराइशींचा चित्रपट. 'सोचो तोबाकू' आणि हिरोशिमा मालिका यांच्या चांगल्या प्रती इंग्रजी सबटायटल्ससह परदेशात निघालेल्या आहेत, म्हणजे प्रदर्शनाच्या हक्कांसाठी कुणाला पत्र लिहायचं हे शोधायला अडचण नाही.

मराठी सबटायटल्स झाली तर फारच उत्तम. जपानी शिकणाऱ्यांची इतकी मोठी संख्या पुण्यात आहे, त्यांतले कित्येक जण दिवसभर कंपन्यांची कागदपत्रं भाषांतरित करतात. जपानमधल्या ओकायामाच्या मैत्रीखातर सिंहगड रस्त्यावर उद्यान उभं राहिलं. ओकायामाच्या शेजारचाच जिल्हा हिरोशिमा. तिथली रांगडी बोली या चित्रपटांच्या नसानसांत आहे, इंग्रजीत ती सपाट होते. या भाषांतरकारांना एक चित्रपट देऊन पाहा. मानधन द्या आणि त्यांचंही नाव पडद्यावर घाला.

शेवटची मागणी सगळ्यात स्वस्त आहे. यापुढे माहितीपत्रकावर प्रत्येक चित्रपटाखाली दिग्दर्शकाच्या नावाच्या ओळीतच, त्याच आकाराच्या अक्षरात, पटकथाकाराचं नाव छापावं. जपानीच नव्हे, सगळ्याच चित्रपटांखाली. आपल्या पुढच्या बैठकीत हा ठराव कुणी मांडणार असेल, तर कासाहारांच्या चित्रपटांची यादी, पात्रांचे तक्ते आणि नावांची देवनागरी लेखनं मी तयार करून ठेवली आहेत, ती पाठवते. बैठकीची तारीख कळवावी.

कळावे, लोभ असावा.

आपली,
एक जुनी सभासद